देवगडचे पांढरे शिकारी पक्षी: समुद्रगरुड, कापशी की आणखी काही? (फोटो जोडले आहेत)

माडाखाली

नमस्कार मंडळी. आम्ही देवगड तालुक्यात राहतो, घरामागच्या पाणंदीने गेलं की समुद्रच. मी मूळची पुण्याची, लग्न होऊन इकडे आले. पक्ष्यांमधलं मला चिमणी, कावळा, बुलबुल आणि भारद्वाज यापलीकडे काही कळत नाही. पण पाऊस ओसरल्यापासून इथल्या पांढऱ्या शिकारी पक्ष्यांनी डोकं खाल्लंय. फोटो मोबाइलचे आहेत, जास्त अपेक्षा ठेवू नका.

फोटो १: सुरूच्या बनावर घिरट्या घालत होता. डोकं, छाती, पोट सगळं पांढरंशुभ्र. पंख खालून पुढच्या अर्ध्यात पांढरे आणि मागच्या अर्ध्यात काळे. घारीपेक्षा बराच मोठा. दोन कावळे मागे लागले होते, ते त्याच्यापुढे चिमुकले वाटत होते. पायात दोरीसारखं काहीतरी लोंबत होतं.

फोटो २: सड्यावर, पवनचक्क्यांच्या रस्त्याला, विजेच्या तारेवर. हा छोटासा, कबुतराएवढा. पोट पांढरं, पाठ राखी. मधेच उडतो, हवेत एकाच जागी पंख मारत थांबतो, पाय खाली सोडतो, मग काय मनात येतं कोण जाणे, परत तारेवर.

फोटो ३: पहिला ज्या झाडावर बसतो त्याच झाडावर, पण अंगाने तपकिरी आणि डोकं फिकट, मळकट साईच्या रंगाचं.

घरात एकमत नाही. सासरे म्हणतात पहिलं गिधाड आहे, त्यांच्या लहानपणी पुष्कळ असायची. मुलगा म्हणतो बाल्ड ईगल. किराणावाले दादा म्हणाले, विष्णूचं वाहन आहे, नमस्कार करा आणि सोडून द्या. मला एवढंच विचारायचंय की हे तिन्ही एकाच जातीचे, वेगवेगळ्या वयाचे असू शकतात का? आणि नसतील तर कसं ओळखायचं?

सांगलीचा_भटक्या

ब्राह्मणी घार. कोकणात प्रत्येक बंदरावर ढीगभर असतात. पांढरं डोकं, पांढरी छाती. विषय संपला.

टपालवाला

विषय कसला संपतोय सांगलीकर, ताईंनी लिहिलेलं तरी पुरतं वाचा. ब्राह्मणी घारीचं पांढरं छातीच्या खाली संपतं. पोट, पाठ, पंख सगळं विटकरी. आणि ती आपल्या साध्या घारीपेक्षा लहानच असते, "बराच मोठा" कुणी म्हणणार नाही. किराणावाल्या दादांचं मात्र चुकलेलं नाही, विष्णूचं वाहन म्हणून लोक नमस्कार करतात तो पुष्कळ ठिकाणी ब्राह्मणी घारीलाच. फक्त ताईंच्या फोटोत ती नाही.

ताई, मी टपाल खात्यातून निवृत्त झालो. नोकरी सगळी रत्नागिरी जिल्ह्यात, खाडीकाठच्या वाड्यांवर पत्रं आणि मनीऑर्डरी वाटण्यात गेली. तरीच्या धक्क्यावर होडीची वाट बघत बसायचं, तेव्हा वर बघण्याशिवाय दुसरा उद्योग नसे. दुर्बीण फार उशिरा घेतली. त्यामुळे माझी ओळखण्याची पद्धत नुसत्या डोळ्यांची आहे आणि ती एका वाक्यात सांगता येते: पांढरं किती आहे ते बघू नका, काळं कुठे आहे ते बघा.

पांढऱ्यावर विश्वास ठेवू नये याला कारण आहे. किनाऱ्यावर दुपारचं ऊन वाळूवर आणि पाण्यावर आपटून वर जातं, आणि डोक्यावरून जाणाऱ्या कुठल्याही पक्ष्याचं पोट उजळून निघतं. फिकट तपकिरी पोटसुद्धा त्या उजेडात पांढरं दिसतं. उलट पक्षी आकाशापुढे आला की मोबाइलचा कॅमेरा त्याला काळाठिक्कर करून टाकतो. पण गडद भाग कुठून सुरू होतो आणि कुठे संपतो, ती नक्षी बदलत नाही.

आता तुमचा पहिला फोटो. पंखाची पुढची बाजू पांढरी. मागची सगळी कड, म्हणजे उडायची लांब पिसं, अंगाजवळच्या पिसांपासून थेट टोकापर्यंत काळी. अंग पांढरं. समुद्रकिनारा. हा समुद्रगरुड, पांढऱ्या पोटाचा. पंख पसरले की दोन मीटरच्या आसपास भरतो, साधी घार दीडच्या आत-बाहेर. कावळे चिमुकले वाटले ते म्हणूनच.

तरी दोन गोष्टी विचारतो, कारण हीच पुढे पांढरं आणि मागे काळं नक्षी आणखी काही जण अंगावर घेऊन हिंडतात. शेपटी कशी होती? आणि घिरट्या घालताना पंख सपाट होते की वर उचललेले? समुद्रगरुड पंख चांगलेच वर धरतो, समोरून बघितलं तर इंग्रजी व्ही. शेपटी त्या देहाच्या मानाने आखूड, पाचरीच्या आकाराची, मुळाशी काळी आणि टोकाकडे पांढरी. हे दोन्ही जुळलं तर मग शंका नको.

पायातली दोरी बहुधा समुद्रसाप. मासे तर तो खातोच, पण समुद्रसाप हे त्याचं आवडतं खाणं. ज्या झाडावर रोज बसत असेल त्याच्या खाली जाऊन बघा, माशांच्या काट्यांबरोबर सापाच्या मणक्यांच्या माळा पडलेल्या मिळतील. आमच्याकडे एका देवळामागच्या आंब्याखाली इतक्या पडायच्या की पुजारी रोज सकाळी खराट्याने लोटून काढायचा आणि गरुडाला शिव्या घालायचा. झाडाला मात्र हात लावू द्यायचा नाही.

सासऱ्यांना उडवून लावू नका. त्यांच्या लहानपणी कोकणात पांढऱ्या पुठ्ठ्याची गिधाडं खरोखरच भरपूर होती. त्यांचेही पंख खालून पुढे पांढरे, मागे काळे. फरक अंगात: गिधाडाचं अंग काळं आणि समुद्रगरुडाचं पांढरं. लांबून उन्हात घिरट्या घालणारा मोठा, रुंद पंखांचा पक्षी बघून जुन्या माणसाला गिधाड आठवणं अगदी साहजिक आहे. ती गिधाडं गेली ती डायक्लोफेनॅकमुळे. ते औषध दिलेलं जनावर मेलं आणि गिधाडांनी खाल्लं की त्यांची मूत्रपिंडं निकामी व्हायची. जनावरांसाठी ते वापरायला २००६ साली बंदी आली, तोवर गावोगावचं आभाळ रिकामं झालं होतं. रायगडात म्हसळ्याच्या बाजूला चिरगावला थोडी टिकली आहेत.

मुलाला सांगा, बाल्ड ईगल उत्तर अमेरिका सोडून इकडे येत नाही. आणि त्याचं फक्त डोकं आणि शेपूट पांढरं, पोट गडद तपकिरी. पण नजर चांगली आहे पोराची, दोघं नात्यातलेच आहेत.

फोटो २ कापशी. यात विचारण्यासारखं काही नाही. खांद्यावर काळा डाग, डोळे लालभडक, तारेवर बसणं आणि हवेत एका जागी थांबणं, इतक्या खुणा दुसऱ्या कुणाच्या एकत्र येत नाहीत. मनात काही येत नाही तिच्या, खाली गवतात उंदीर हलला की नाही ते बघत असते. हलला नाही तर परत तारेवर. ती पिल्लू असतानाही समुद्रगरुड नव्हती आणि म्हातारी होऊनही होणार नाही. समुद्रगरुडाचं वजन दोन किलोच्या पुढे, हिचं पाव किलोच्या आसपास.

फोटो ३ वर नंतर लिहितो. नात शाळेतून यायची वेळ झाली.

माळावरचा

टपालकाका समुद्राकडून बोलतायत, मी माळाकडून चार ओळी टाकतो. बारामती, इंदापूर, भिगवण या पट्ट्यात हिवाळ्यात पांढऱ्या पोटाचं काही दिसलं तर समुद्रगरुडाचा विचार मनातून काढा. इथे गोंधळ घालणारे वेगळे.

सगळ्यात जास्त फसवतो तो सापमार गरुड. खालून इतका फिकट की उन्हात पांढरा कागद उडाल्यासारखा वाटतो. छातीवर तपकिरी, त्याखाली तुटक आडव्या रेघा, शेपटीवर तीनेक पट्टे. डोकं मोठं, गोल, डोळे पिवळेजर्द, समोरून बघितलं तर घुबडाचा भास होतो. तोही हवेत एका जागी थांबतो, त्यामुळे नवखे लोक त्याला "मोठी कापशी" म्हणतात. काकांचा नियम लावा: याच्या पंखाखाली ठळक काळं जवळजवळ कुठेच नाही.

दुसरा बूटेड ईगल, त्यातला फिकट रंगाचा. पंख पुढे पांढरे, मागे काळे, म्हणजे समुद्रगरुडाचीच नक्षी, पण आकार घारीएवढा आणि शेपटी साधी, फिकट, काळं काही नसलेली. तो समोरून येताना मानेच्या दोन्ही बाजूंना, पंख जिथे अंगाला मिळतात तिथे, दोन पांढरे ठिपके दिसतात. गाडीचे दिवे लावल्यासारखे. हे ठिपके दिसले की वही बंद करायची.

तिसरं पांढरं गिधाड, इजिप्शियन. याचीही नक्षी तीच, शेपटीही पाचरीची! फक्त शेपटी पूर्ण पांढरी, मुळाशी काळं नाही. तोंड पिवळं, चोच बारीक, आणि पंख सपाट धरतो. कडेकपारी आणि गावाबाहेरचे उकिरडे ही त्याची जागा.

आणि भोवत्यांमधला, म्हणजे हॅरियरमधला, पांढुरका नर. लांबून कुरव वाटावा इतका फिकट. गवतावरून कमरेएवढ्या उंचीने, घाई नसल्यासारखा, डावीकडे उजवीकडे कलत जातो. काळं फक्त पंखाच्या टोकाला, अरुंद त्रिकोण. त्यांच्यातलीच दुसरी जात माँटेग्यू, तिच्या नराला टोकाला काळं जास्त आणि शिवाय पंखाच्या वरच्या बाजूने एक काळी रेघ. दोघेही पाहुणे, उन्हाळा लागला की निघून जातात. संध्याकाळी गवतात जमिनीवरच मुक्कामाला उतरतात. बघायला जात असाल तर गाडी गवतात घालू नका, हल्ली फोटोवाले घालतात म्हणून लिहिलं.

सांगलीचा_भटक्या

मानलं काका. पण एक शंका. खाडीवर हिवाळ्यात मासे पकडणारा, पोट पांढरं, मोठा, तो ऑस्प्रे पण असू शकतो ना? ताईंनी फक्त "पांढरं पोट" लिहिलंय.

टपालवाला

हे बरोबर विचारलंत. ऑस्प्रे ऑक्टोबरपासून मार्चपर्यंत आपल्याकडे खाड्यांवर, धरणांवर असतोच. पण त्याचं काळं कुठे असतं? एक, डोळ्यातून मागे मानेपर्यंत गेलेली काळी पट्टी. दोन, पंख जिथे दुमडतो त्या कोपऱ्यावर, खालून, काळा डाग. पंखाची मागची कड एकसारखी काळी नसते, राखी आणि पट्ट्यापट्ट्यांची. आणि तो पंख सरळ धरतच नाही, कोपरात मोडल्यासारखे धरतो, त्यामुळे बारीक वाटतो. समुद्रगरुड रुंद आणि भरीव.

मासे पकडायची तऱ्हाही वेगळी. समुद्रगरुड पाण्याला जेमतेम शिवतो आणि मासा उचलून तसाच पुढे जातो. ऑस्प्रे वरून पाय पुढे करून धाडकन आत शिरतो, कधी कधी पुरता बुडतो, मग अंग झटकत वर येतो. मासा नेताना त्याचं तोंड पुढे आणि शेपूट मागे असा धरतो, वारा लागू नये म्हणून. त्याचं बाहेरचं बोट मागे वळतं, म्हणून दोन बोटं पुढे, दोन मागे अशी पकड बसते, आणि तळव्यावर काटेरी खवले असतात, मासा निसटत नाही. आमच्या खाडीत एक यायचा तो शिंपल्यांच्या जागेजवळच्या एकाच खुंटावर बसून मासा खायचा. पर्यटकांची होडी जवळ गेली की मासा घेऊन पलीकडच्या खुंटावर. होडीवाल्याला ते पाठ झालं होतं. "आता उडणार" असं तो आधी सांगायचा, आणि पर्यटकांना वाटायचं याने पाळलाय.

माडाखाली

काका, माळावरचे दादा, खूप आभार. मुलाने सगळं वहीत उतरवून घेतलं.

काल परत बघितला. शेपटी आखूड आणि पाचरीसारखीच, मुळाशी काळी, पुढे पांढरी. पंख वर उचललेले. आवाजही ऐकला, घारीसारखी लांब शीळ नाही, नाकातून ओरडल्यासारखा भसाडा, पुन्हा पुन्हा. आणि एक नाही, दोन आहेत. झाडाखाली तुम्ही म्हणालात तशा मणक्यांच्या माळा सापडल्या. मुलाने एक उचलून आणली, ती घरात ठेवायची नाही यावरून रात्री भांडण झालं.

पण आता दुसरीच काळजी लागलीय. ते झाड म्हणजे शेजाऱ्यांच्या बागेच्या हद्दीवरचा जुना रायवळ आंबा. अगदी वर दुबेळक्यात काटक्यांचा मोठा ढीग आहे, मला वाटलं होतं वाऱ्याने अडकलेला कचरा. शेजारी पुढच्या महिन्यात त्या झाडाच्या फांद्या उतरवणार आहेत, खालच्या हापूसच्या कलमांवर सावली पडते म्हणून. त्यांना काय सांगू?

टपालवाला

जोडी, आवाज, शेपटी, घरटं. समुद्रगरुडच.

शेजाऱ्यांना सरळ सांगा, घाबरवून नको. ऑक्टोबरच्या सुमाराला जोडी घरटं डागडुजीला घेते, तेच घरटं वर्षानुवर्षं वापरते आणि दर वर्षी वर काटक्या चढवते, म्हणून तो एवढा ढीग. अंडी बहुतेक दोन. उबवायला साधारण सहा आठवडे, पुढे पिल्लू उडेपर्यंत आणखी दोन-तीन महिने. म्हणजे शेजाऱ्यांनी छाटणी पावसाळ्याच्या तोंडावर ढकलली तर दोघांचंही भागतं. तेव्हाही दुबेळकं आणि त्याच्या आसपासच्या फांद्या सोडून बाकीच्या उतरवाव्यात. कलमांवर सावली पडते ती बहुतेक खालच्या फांद्यांची, वरच्या दुबेळक्याची नाही. हे त्यांना झाडाखाली उभं करून, सावली दाखवून सांगा. बागायतदाराला सावलीचं गणित आपल्यापेक्षा जास्त कळतं, त्याला पटेल.

नाहीच पटलं तर वनविभागाच्या जवळच्या परिक्षेत्र कार्यालयात जाऊन अर्ज द्या. पक्षी १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली संरक्षित आहे, घरटं मोडणं गुन्हा आहे. पण मी तरी कायदा शेवटी काढीन. आधी काढला की शेजारी झाड रात्री तोडतो, हे मी बघितलंय. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने कोकण किनाऱ्यावरच्या या घरट्यांची नोंद घेण्याचं काम केलंय, त्यांनाही कळवा. अशी घरटी बहुतेक खासगी झाडांवरच असतात आणि मालकाशी बोलूनच वाचतात.

तुम्ही स्वतःही झाडाखाली सारखं जाऊ नका, विशेषतः अंडी असताना. आणि ड्रोनवाल्या पाहुण्यांना जागा सांगू नका. इथेही गावाचं नाव लिहिलं नाहीत ते चांगलं केलंत.

होबार्टकर

मी मूळचा मालवणचा, आता टास्मानियात. हाच समुद्रगरुड इथेही आहे, भारताच्या पश्चिम किनाऱ्यापासून ऑस्ट्रेलियापर्यंत एकच जात. फरक इतकाच की इथे ऋतू उलटे, तुमच्याकडे पावसाळा असतो तेव्हा इथे हिवाळा, आणि त्याच सुमाराला यांची अंडी. सिडनीच्या ऑलिंपिक पार्कमधल्या एका जोडीच्या घरट्यावर कॅमेरा लावलाय, इंटरनेटवर बघता येतो. ताईंच्या मुलाला दाखवा, झाडाखाली जाण्यापेक्षा बरं.

काकांच्या नियमाला मात्र इथे एक जण पुरून उरतो. ग्रे गॉसहॉक नावाचा शिक्र्यांच्या कुळातला पक्षी. ऑस्ट्रेलियाच्या मुख्य भूमीवर तो राखीही असतो आणि पांढराही, पण टास्मानियात सगळे पांढरेच. डोक्यापासून शेपटीपर्यंत एक काळं पीस नाही. डोळे गडद लाल, पाय पिवळे. आमच्या मागच्या परसात कोंबड्यांवर येऊन बसला की हो, पयलो इचार येता तो "ह्यो बगळो हंयसर खंय?"

टपालवाला

होबार्टकर, नियम मोडला नाही, पुरा झाला. काळं कुठेच नाही हीसुद्धा खूणच की. आपल्याकडे मात्र सबंध पांढरी घार दिसली तर ती नवी जात समजू नका. रंगद्रव्य कमी पडलेलं एखादं पिल्लू असतं तसं. डोळे नेहमीच्या रंगाचे आणि शेपटीला घारीची खाच असली की ती घारच.

आता ताई, तुमचा तिसरा फोटो. तपकिरी अंग, साईच्या रंगाचं डोकं, त्याच झाडावर. समुद्रगरुडाचं पोरगं असायची शक्यता दाट आहे. पूर्ण पांढरा पोशाख यायला चार-पाच वर्षं लागतात, तोवर ते तपकिरी, मग ठिगळं लावल्यासारखं, मग पांढरं. पण ब्राह्मणी घारीचं पिल्लूही तपकिरी असतं आणि साधी घारही त्या झाडावर बसू शकते, आणि तुमच्या फोटोत पक्षी पानांत अर्धा दडलाय. शेपटीचं टोक दिसलं तर सांगता येईल: खाच असेल तर साधी घार, गोल असेल तर ब्राह्मणी, आणि आखूड, पाचरीची, मळकट पांढरी आणि टोकाशी गडद पट्टा असेल तर गरुडाचं पोरगं.

तेव्हा मुलाला सांगा, पुढचा फोटो बसलेल्याचा नको, उडतानाचा, खालून काढ. सकाळी नऊच्या आत, सूर्य पाठीमागे ठेवून. मोबाइलवर पक्ष्यावर बोट ठेवून उजेड थोडा वाढवायचा, म्हणजे खालची नक्षी काळवंडत नाही. आणि शेपटी कापली जाऊ देऊ नकोस म्हणावं.